हिरवी काडी

कडुलिंबाची कोवळी काडी मोडली की जो कडू, ओला वास सुटतो, त्यानं मला दुष्काळातलं ते दुपारचं जेवण आठवतं. लातूर नुकताच वेगळा जिल्हा झाला होता आणि तिथला एक साहेब पाहणीसाठी मुरुडजवळच्या आमच्या गावात आला होता. त्याच्यासाठी घरातली शेवटची कोंबडी कापली. जेवून उठताना त्याच्या दातात कोंबडीचा धागा अडकला, तशी आईनं अंगणातल्या लिंबाची काडी मोडली, साल सोलली आणि पुढं केली. "वाळकी टोचंल साहेब, ही वली घ्या." भांड्यांच्या सांडपाण्यावर तिनं जगवलेलं तेवढंच एक झाड गावात हिरवं होतं. साहेबानं निवांत दात कोरले, काडी बोटांत फिरवून बघितली आणि हसला. "एवढी रसरशीत काडी! मग दुष्काळ कुठाय तुमच्या गावात?" टँकर काही आला नाही. पुढच्या पाहणीआधी वडिलांनी लिंब बुडातून तोडला. आई बघत उभी होती. या वेळी दुसराच साहेब आला आणि घाम पुसत म्हणाला, "बसायला साधी सावलीसुद्धा ठेवली नाही का तुम्ही?" आता हॉटेलात जेवण झालं की दातकोरण्यांची डबी समोर येते, मी ती न उघडता शेजारच्याकडं सरकवतो.