घटकेची वाटी

हे मी बायकोलाही सांगितलं नाही. ती गेली, आता घरात सांगण्यासारखं कुणी उरलं नाही, म्हणून तुम्हाला सांगतो. सांगून काय होणार? काही नाही. तरी सांगतो.

मी भोरला हायस्कुलात विज्ञान शिकवायचो. बाहत्तरच्या दुष्काळाच्या आधीची गोष्ट. वय कोवळं, आणि पुण्याहून शिकून आल्याचा तोरा केवढा! शाळेच्या प्रदर्शनासाठी मी विषय घेतला होता—माणसाने वेळ कसा मोजला. इजिप्तमधलं गळक्या भांड्याचं पाणघड्याळ, बाबिलोनी लोकांचे साठ-साठ भाग, अरबांची यंत्रं, सगळं पुठ्ठ्यावर रंगवून तयार होतं. हे ज्ञान एका देशाच्या हातून दुसऱ्याच्या हाती कसं जपून जपून गेलं, यावर भाषणही पाठ केलं होतं. आपल्याकडचं मात्र मला चित्र नको होतं. खरी वस्तू हवी होती.

ती वेल्ह्याकडच्या एका गावात मिळाली. तिथले जोशी, सगळे त्यांना तात्या म्हणत. त्यांच्याकडे पणज्यापासूनची घटकेची वाटी होती. तांब्याची, बुडाला बारीकसं भोक. सूर्य उगवला की ती पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडायची. भोकातून पाणी आत शिरतं, वाटी बुडते—झाली एक घटका. पुन्हा सोडायची. अशा घटका मोजत मुहूर्तापर्यंत यायचं. लोकांच्या मनगटावर घड्याळं आली, तरी त्या खोऱ्यातली लग्नं तात्यांच्या वाटीवरच लागत.

त्यांनी ती माझ्यासमोर सोडून दाखवली. घटका म्हणजे चोवीस मिनिटं. मी घड्याळ काढून बसलो, आणि वाटी बरोबर चोवीस मिनिटांनी बुडाली. हे मी स्वतः पाहिलं. हे लक्षात ठेवा.

त्यांची मुलगी मालू आतून ताक घेऊन आली. लग्नाला वर्ष व्हायच्या आत नवरा गेला आणि ती माहेरी परतली होती. ती आत गेल्यावर तात्या हळू आवाजात म्हणाले, "हिच्या लग्नात कन्यादान मी भावाला करायला लावलं, गुरुजी. मी घटकेवर बसलो. दुसऱ्याचा भरवसा न्हाई. पुढचं तिचं नशीब... पण बाप म्हणून माझ्या हातून घटका चुकली न्हाई."

एवढ्या एका वाक्यावर तो माणूस उभा होता. मला ते तेव्हाच कळलं होतं. कळलं नव्हतं असं म्हणायची सोय मला नाही.

प्रदर्शनापुरती मागून वाटी भोरला आणली. काळीकुट्ट झालेली. पाहुण्यांसमोर अशी कशी ठेवायची? चिंच लावून घासली, लखलखीत केली. इथवर ठीक. पण भोकाच्या कडेला पांढरा थर दिसत होता. कचरा असेल, असं वाटलं. दाभण घातलं आणि जोर लावून फिरवलं. बोटाला तांब्याचा बारीक किस लागला. तो मी पँटला पुसला आणि कामाला लागलो.

प्रदर्शनाला तात्या एसटीने आले. धुतलेलं धोतर, लग्नकार्यातला कोट. त्यांना पहिल्या रांगेत बसवलं. मी भाषण केलं, वाटी घंगाळात सोडली, मुख्य पाहुण्यांनी आपलं घड्याळ हातात धरलं. आणि वाटी वीस मिनिटं व्हायच्या आतच बुडाली.

मागून त्यांच्याच खोऱ्यातलं कुणीतरी ओरडलं, "आवो तात्या, म्हंजी आमची लग्नं समदी येळंआदीच लावलीत म्हना की!" सगळा हॉल हसला. तात्याही हसले. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

पाहुण्यांनी विचारलं, असं कसं? मला किस आठवला—अगदी तेव्हाच, बोटाला लागल्यासारखा. एक वाक्य बोलायचं होतं. भोक मी मोठं केलं. काय बिघडलं असतं? हसले असते, मला हसले असते, बस. मी म्हणालो, "जुन्या काळचं मोजमाप अंदाजाचंच असायचं." टाळ्या पडल्या. लोकांना माझं स्पष्ट बोलणं आवडलं.

पण खरं सांगायचंय ते हेही नाही.

तात्या वाटी घेऊन गेले. घरी त्यांनी कुणाचं तरी घड्याळ मागून आणलं आणि ती पुन्हा पुन्हा सोडून पाहिली. मग बाजाराच्या दिवशी माझ्या खोलीवर आले. पाणी दिलं, ते घेतलं नाही. "गुरुजी, तुम्ही शिकलेले. ही पयल्यापासून अशीच असणार काय?" मी पाण्याचा तांब्या उचलून जागेवर ठेवला. "मालूच्या वेळीही?"

मी म्हणालो, "असणार."

वर समजूतही घातली. मुहूर्तात काही नसतं, तात्या, ग्रहताऱ्यांना तुमच्या मालूचं काय! मोठ्या उदारपणे बोलत होतो. मी मुहूर्त मानत नव्हतो, आजही मानत नाही. पण ते मानत होते. खाली मान घालून त्यांनी ऐकून घेतलं आणि टोपी सारखी करून उठले.

त्यानंतर ते कुणाच्याही लग्नात घटकेवर बसले नाहीत. मी मात्र पुढे वर्षानुवर्षं मुलांना सांगत राहिलो, ज्ञान हातोहात जपून आपल्यापर्यंत आलंय, ते जपा. माझे हात खिशात असायचे.

काही वर्षांनी मालू आली. तात्या गेल्याचं तिनेच सांगितलं. फडक्यात गुंडाळलेली वाटी तिने टेबलावर ठेवली. "तात्या म्हणाले व्हते, गुरुजींना दे. खरं सांगणारा माणूस हाय." मग म्हणाली, "माझ्यापायी लई झुरले हो ते. माझी घटका चुकवली म्हणायचे. शेवटपर्यंत माझ्याकडं नीट बघितलं न्हाई."

मी वाटी घेतली. चहा घेणार का, असं विचारलं. शेवटची गाडी चुकेल म्हणून ती निघाली, आणि मी तिला एसटी स्टँडपर्यंत सोडायला गेलो. वाटेत आम्ही भाताच्या पिकाबद्दल बोललो.

वाटी माझ्या कपाटात आहे. एखाद्या दुपारी घर फारच रिकामं वाटलं की पातेल्यात पाणी घेऊन ती सोडतो आणि बघत बसतो. ती अजूनही लवकरच बुडते.

मालू आहे. त्याच गावात, त्याच घरात. तिला मी सांगितलेलं नाही.