मागे घ्यायचा फॉर्म

शहापुरात तहसील कचेरीच्या समोरच्या रांगेत एका ऑनलाइन सेंटरवर मी तीन वर्षं दुसऱ्यांचे फॉर्म भरत होते. सकाळी शटर वर गेलं की पहिला प्रश्न ठरलेला असायचा, "ताई, फॉर्म सुटला का?" सुटला म्हणजे भरतीचा. पोलिसाचा, तलाठ्याचा, वनरक्षकाचा. वाशिंदच्या कंपनीत रात्रपाळी करून मुलं थेट यायची, मुरबाडकडच्या डोंगरातल्या गावांतून यायची, सगळे दाखले प्लास्टिकच्या पिशवीत आणि पिशवी शर्टाच्या आत. नववीत शाळा सुटलेल्या बायका हळू आवाजात सतरा नंबरचा फॉर्म मागायच्या, म्हणजे घरी बसून दहावी देण्याचा. म्हाताऱ्या 'फारम' म्हणायच्या आणि अंगठा आधीच पुढे करून उभ्या राहायच्या. कसला फारम ते त्यांच्याबरोबर आलेला माणूस सांगायचा. म्हणून मी आधी त्या माणसाकडे बघायचे.

ही सवय मला सेंटरवर लागली नाही, घरून आली. माझे बाबा वाशिंदला कारखान्यात होते आणि कामगारांची पत्रकं वाटायचे. आमच्याकडे गोष्टीची पुस्तकं नव्हती. वाचायला पत्रकंच. मी अक्षरं जोडायला शिकले ती 'बंधूंनो आणि भगिनींनो' या शब्दांवर. एका पत्रकात खाली ठळक टाइपात छापलं होतं, कोऱ्या कागदावर सही करू नका. बाबांनी ते कापून भाताच्या कणगीवर चिकटवलं होतं. छापखान्यातले लोक सोळा पानांच्या गठ्ठ्याला फर्मा म्हणतात आणि तो शब्द फॉर्मचाच भाऊ, असं तेच एकदा म्हणाले होते. खरं-खोटं मी कधी तपासलं नाही. त्यांचं एवढंच एक बोलणं मी न तपासता घेतलं असेल.

शब्द तसा हसराही आहे. आमच्या वाडीत टेनिस बॉलचे सामने लागले की लागोपाठ दोन सिक्स मारणारा 'फॉर्मात' असतो. लग्नात नवऱ्याचा मामा दोन घोट घेऊन वऱ्हाडासमोर नाचायला लागला की तोही फॉर्मात. पण ज्या फॉर्मवर सही करायची असते त्याच्याकडे बघून हसू येत नाही. तो भरणारा एक असतो आणि भरवून घेणारा दुसरा. ठाण्याच्या दवाखान्यात बाबांच्या ऑपरेशनच्या आधी असाच एक फॉर्म समोर आला. आईने पेन काकांकडे सरकवलं. सही काकांनी केली, बाबांच्या धाकट्या भावाने. बाबा परत आले नाहीत. त्या फॉर्मवर काय लिहिलं होतं, हे मी काकांना नंतर दोनदा विचारलं. दोन्ही वेळा ते म्हणाले, "वाचला नाय गो. तेव्हा कोण वाचतो?" मला ते उत्तर पटलं नाही, अजून पटत नाही.

आता मूळ गोष्ट. आमच्या ग्रामपंचायतीची निवडणूक लागली आणि आमच्या वॉर्डातली जागा बाईसाठी राखीव निघाली. आई म्हणाली, "माझा फॉर्म भर."

मला वाटलं गंमत करतेय. ती भाजीची जुडी निवडत होती, मान वर न करता परत म्हणाली, "ऐकलंस ना? भर माझा."

कारण पाण्याचं होतं. पाण्याची टाकी गावाची, पण तिच्या व्हॉल्व्हची चावी एका पुढाऱ्याच्या घरी. त्यांच्या घरातलं उठलं, चहा झाला, देवपूजा झाली की पाणी सुटायचं, साधारण दहाला. आमच्या वाडीतल्या बायका सहाला कामावर निघतात. कुणी आसनगावला घरकामाला, कुणी सापगावकडे वीटभट्टीवर. त्या संध्याकाळी येऊन विहिरीवर जातात. आईला पंचायतीत जाऊन एकच गोष्ट करायची होती, पाणी पहाटे पाचला सोडायचं.

तिचा फॉर्म मीच भरला. एवढ्या शांतपणे मी दुसरा कुठला फॉर्म भरला नसेल. सूचक म्हणून काकांची सही घेतली, कारण आई म्हणाली, "दीर असताना बाहेरचा कशाला?" मी नको म्हणत होते. काकांचा मुलगा त्या पुढाऱ्याचा डंपर चालवायचा. मी हे बोलून दाखवलं तर आई म्हणाली, "डंपर चालवतो, त्यांचा झाला नाय."

त्या पुढाऱ्याच्या सुनेचाही फॉर्म आला. एक जागा, दोन फॉर्म.

आमच्या गावची एक रीत आहे. शहापूर-मुरबाडमधल्या बऱ्याच गावांत असेल. माझ्या मामाच्या गावात, मुरबाड तालुक्यात, वेशीवर बोर्डच लावलाय, 'बिनविरोध निवडणुकीची परंपरा'. मामा त्या बोर्डाखाली उभा राहून फोटो काढतो. रीत अशी. फॉर्म भरायला कुणालाच अडवत नाहीत. छाननी झाली की रविवारी दुपारी सगळ्यांना देवळात बोलावतात आणि प्रत्येकाकडून फॉर्म मागे घेण्याच्या फॉर्मवर सही घेतात. सगळ्यांच्या सह्या झाल्या की मग गाव ठरवतं कुणाला ठेवायचं. बाकीच्यांचे कागद आपापल्या सूचकाच्या हातून कचेरीत जातात. गावात भांडण नको, म्हणतात. भांडण कुणाचं कुणाशी, ते नाही सांगत.

मी देवळात गेले नाही. मला आत घेतलं नसतं असं नाही, मी बोलले असते म्हणून आईनेच थांबवलं. ती परत आली तेव्हा मी दारातच होते.

"केलीस सही?"

"केली."

"आणि ठेवलं कुणाला?"

"त्यांच्या सुनेला."

"आई, बाबांनी कणगीवर काय चिकटवून ठेवलंय?"

"कोरा नव्हता. सगळा छापलेला होता. मी वाचून केली." ती पाय धुवायला वळली. "उद्या तुझ्या लग्नाला, माझ्या मयताला हीच माणसं येणारेत दारात. तुझी पत्रकं येणार नायत."

मी म्हटलं, अजून वेळ आहे. कचेरीत अर्ज दे की सही दबावाखाली घेतली. ती म्हणाली, "दबाव कुणी टाकला? सगळ्या बसल्या होत्या, मी पण बसले. मी खोटा बोलू?"

"मग कागद कुठाय?"

"भावोजींकडं. सूचकाकडंच देतात."

झालं. मला आणखी काही ऐकायचं नव्हतं. ज्याचा मुलगा त्यांच्या डंपरवर, ज्याने न वाचता माझ्या बापाच्या फॉर्मवर सही केली, त्याच्या खिशात माझ्या आईच्या सहीचा कागद. सोबत तिने लिहून दिलेलं, की माझ्या वतीने हा दाखल करावा. मागे घ्यायची शेवटची वेळ दुसऱ्या दिवशी दुपारी तीन.

सोमवारी मी सेंटर उघडलंच नाही. कचेरीच्या आवारातल्या पिंपळाखाली जाऊन बसले. काका सव्वाअकराला आले. पांढरा सदरा, हातात कापडी पिशवी. मला बघून थबकले नाहीत, हेच मला खटकलं.

"काय गो, दुकान बंद?"

"तुमच्यासाठी बंद ठेवलंय."

"माझा कसला मान एवढा." ते माझ्यापासून हातभर लांब बसले आणि तंबाखू मळायला लागले.

आवार भरलेलं होतं. गावोगावचे सूचक, उमेदवार, त्यांचे नवरे. बायकांच्या जागांवरचे फॉर्म मागे घ्यायला जास्त करून नवरेच आलेले. लोक आत जायचे आणि बाहेर आल्यावर एकमेकांशी हात मिळवायचे. प्रत्येक हातमिळवणीत मला काहीतरी दिसत होतं. आमच्या पुढाऱ्याचा पुतण्या जिन्याजवळ मोबाइल घेऊन फेऱ्या मारत होता. त्याने काकांना लांबूनच हात केला. काकांनीही हात वर केला. मी ते मनात नोंदवलं.

बाराला मी म्हटलं, "जा ना आत. कशाला थांबलाय?"

"गर्दी आहे."

"गर्दी कमी व्हायची वाट बघताय की मी उठायची?"

"तू उठलीस तर बरा होईल. तुझी सावली पडते माझ्यावर."

"पिशवीत काय आहे?"

त्यांनी पिशवी माझ्या मांडीवर टाकली. मी खरंच तपासली. भाकरी, सुक्या जवळ्याची चटणी, चष्म्याचं घर. कागद नव्हता. म्हणजे सदऱ्याच्या आतल्या खिशात. मी त्या खिशाकडे बघत राहिले आणि ते माझ्याकडे बघून भाकरी खात राहिले. अर्धी मला दिली. मी घेतली नाही.

"तुझा बाप असाच," ते म्हणाले. "कारखान्याच्या कॅन्टीनचा चहा पण संशय घेऊन पियाचा."

"तो चहा पाण्याचाच असायचा."

"हां, ते खरा," ते म्हणाले आणि हसले. मी हसले नाही.

दीडला पुतण्या जवळ आला. "काका, चला की. सगळ्यांचे झाले. आपला तेवढा राहिला."

"येतो. पोरगी सोडत नाय."

"ताई, गावाचा शब्द आहे," तो मला म्हणाला. फार नम्रपणे. "तुम्ही शिकलेल्या. समजून घ्या."

"शिकले म्हणूनच बसलेय," मी म्हटलं. "तुमच्या घरात पाणी कितीला सोडतात हो?"

तो गेला. काका त्याच्या पाठीकडे बघत राहिले. मग ते उठले. ते जिन्याकडे न जाता मोरीकडे गेले. परत आले. परत बसले. पावणेतीनला पुन्हा उठले आणि या वेळी खरंच जिन्याच्या दिशेने चालू लागले. मीही मागे. पहिल्या पायरीवर त्यांनी आतल्या खिशात हात घातला. कागद बाहेर काढला. चार घड्यांचा. चष्मा लावून तो उघडला आणि तिथेच पायरीवर उभे राहून वाचायला लागले. लोक बाजूने जात होते, एकाने धक्काही मारला. ते एकेका ओळीवर बोट ठेवून वाचत होते. आईचं नाव. वॉर्ड. 'मी स्वेच्छेने'. तिथे बोट थांबलं.

मी हात पुढे करून तो ओढू शकले असते. आज वाटतं, मी तो ओढला असता तर बाबांना आवडलं असतं. पण आईला नसतं.

वरून पुतण्याने हाक मारली, "काका, दहा मिनिटं उरली!"

काकांनी कागद घडी करून परत खिशात ठेवला आणि जिन्याला पाठ करून पिंपळाखाली येऊन बसले. पुतण्या धावत खाली आला. काय बोलला ते मी इथे लिहीत नाही. काका एवढंच म्हणाले, "गुडघा दुखतो रे. जिना चढवत नाय." पुतण्या म्हणाला, कागद माझ्याकडे द्या. काका म्हणाले, "माझ्या नावाचा आहे. तुझ्या हातचा घेतील का?" नाही घेणार, हे त्यालाही माहीत होतं. त्याने पुढाऱ्याला फोन लावला, फोन काकांच्या कानाला लावला. काका ऐकत राहिले. हां, हां, करत राहिले. आत कुणीतरी तीन वाजल्याचं पुकारलं तरी ते हां म्हणतच होते.

थोड्या वेळाने फळ्यावर यादी लागली. आमच्या वॉर्डासमोर दोन नावं होती. मी ती दोनदा वाचली, शिक्का बघितला, सही बघितली. मग पिंपळाखाली आले.

"तुम्ही देणारच नव्हता ना?" मी विचारलं. "मग सकाळीच सांगायचं होतं. मी दिवसभर..."

"सकाळी विचारलं असतंस तर सांगितला असता, नाय देणार."

"आणि ते खरं असतं?"

काकांनी चष्मा पुसून घरात ठेवला. "नाय. देऊन टाकायचा म्हणूनच घरनं निघालो. पोरगा त्यांच्या डंपरवर आहे. उद्यापासनं घरी बसणार तो."

म्हणजे माझा संशय चुकला नव्हता. मी जिच्यावर पाळत ठेवत होते ती गोष्ट खरंच त्यांच्या खिशात होती, पावणेतीनपर्यंत तरी होती. पण मग पायरीवर काय झालं? ते मी विचारलं.

"वाचला," ते म्हणाले. "एकदा न वाचता केला होता. तू दोनदा विचारलंस."

मी हात पुढे केला. "तो कागद द्या मला."

"तुला? कशाला?"

"पुरावा म्हणून."

"नाय देत. तू फोटो काढून पत्रक छापशील, उद्या गावभर वाटशील, आणि खाली लिहिशील 'बंधूंनो आणि भगिनींनो'." त्यांनी खिशावर हात ठेवला. "वयनीची सही आहे. वयनीला देईन. तिचा ती बघेल."

पुतण्याची मोटारसायकल आमच्यासमोरून गेली, आमच्याकडे न बघता. गावाला बातमी आमच्याआधी पोचणार होती. मुरबाड रस्त्याच्या जीपमध्ये आमच्या गावची चार माणसं आधीच बसलेली होती, काल देवळात बसलेली. काकांना बघून एकानेही सरकून जागा केली नाही. काका मागच्या फळीवर उभं राहायला निघाले. मी ड्रायव्हरला म्हटलं, पुढे दोन सीट हव्यात, आणि काकांना हाताला धरून पुढे बसवलं. ते जरा अवघडले. माझा हात त्यांच्या कोपराजवळ होता, आणि तो तिथे का आहे, त्यांना आधार द्यायला की कागद नीट घरी पोचतो का ते बघायला, हे मला त्या वेळी सांगता आलं नसतं.

घरी आई ओट्यावर उभी होती. तिला कळलेलं होतं. काकांनी कागद काढून तिच्या हातात दिला. तिने तो उघडून बघितला, आपली सही बघितली, आणि चुलीत टाकण्याऐवजी पदराच्या गाठीत बांधला.

"भावोजी," ती म्हणाली, "देवळात जाऊन सांगायला पायजे. तुमी नको, मी सांगते. सही मी केली होती, शब्द मी मोडला."

"मोडला तो मी," काका म्हणाले.

"तुमी माझे सूचक. मोडला तो माझाच."

ती चपला घालायला लागली. काकाही उठले, मीही उठले. तिने मला नको म्हटलं नाही, फक्त म्हणाली, "तिथं तोंड उघडायचा नाय तू."

देवळाच्या पायऱ्यांवर पुढारी आणि चार-पाच जण बसलेले लांबूनच दिसत होते. आई पुढे चालत होती, मधे काका, मागे मी.