दंड चुकला

दात कोरून पोट भरत नाही म्हणतात; कवळीवाल्याचं मात्र आयुष्यभर दातांवरच भरलं. एका मोठ्या दवाखान्याच्या मागच्या खोलीत तो कवळ्या बनवायचा. सोबत आणखी कारागीर होते, मेण वितळवता वितळवता गप्पा रंगायच्या, आणि कर पगारातून परस्पर कापला जायचा. ती खोली बंद झाली तेव्हा त्याने घरातच खिडकीशी टेबल मांडलं. कामं भरपूर आली. दवाखान्यांतून दातांचे साचे आणणारा माणूस मात्र खोका दारात ठेवून, घंटी दाबून निघून जायचा. बायको जाऊन बराच काळ लोटला होता. दिवसभर घरात आवाज काय तो घासायच्या यंत्राचा.

वर्ष संपल्यावर त्याने सगळा कर चोख भरला, तरी दंड बसला. त्याची पाचावर धारण बसली. चोरी नाही, लबाडी नाही, मग दंड कसला? तो एका करसल्लागार बाईंकडे गेला. बाईंनी समजावलं, की कर शेवटी एकदम नाही, कमाई होत जाईल तसा भरायचा असतो. पूर्वी पगार देणारा भरायचा, आता स्वतःच भरायला हवा. गेल्या वर्षी जितका कर झाला तितका यंदा चार हप्त्यांत वेळेवर भरला, तर कमाई वाढली तरी दंड नाही. वरचा फरक मागाहून भरता येतो.

मग प्रत्येक हप्त्याला तो जाऊ लागला. दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून. बाई आकडा काढून द्यायच्या आणि स्वतःच्या दुखऱ्या दाढेचं विचारायच्या. तो खुलायचा. कुणाची कवळी भाषणात निसटली, कुणी नव्या दातांनी सफरचंद चावलं आणि रडूच लागलं. बाई खळखळून हसायच्या. काम पाच मिनिटांचं, तो बसायचा चांगला तासभर.

दोनेक वर्षं अशी गेली. एकदा बाई म्हणाल्या, "दादा, कशाला एवढे हेलपाटे घालता? बँकेला एकदा सांगून ठेवू, हप्ता आपोआप जाईल. मग दंडाची भीतीच नको."

नको म्हणायला कारण काय सांगणार?

"बरं होईल," तो म्हणाला, आणि सही करून दिली.

पुढच्या हप्त्याला पैसे गेल्याचा संदेश फोनवर आला, तेव्हा तो दाढी करून बसला होता. तरी निघाला. बाईंपुढे एक जोडपं बसलेलं. बाईंनी चष्म्यावरून पाहिलं.

"काही अडलं का?"

"नाही. इकडून चाललो होतो, सहज."

"बसा ना."

तो बसला. जोडप्याचं प्रकरण किचकट होतं, संपता संपेना. त्यातच बाईंना फोन आला. आपण उगाच खुर्ची अडवलीय असं वाटून तो उठला. बाईंनी फोन कानाशी धरूनच हात हलवला.

संध्याकाळी त्याने परगावच्या बहिणीला फोन लावून सांगितलं, की आता दंड बसायचा नाही.

"चला, डोक्याची कटकट गेली तुझ्या," ती म्हणाली. तिच्याकडे पाहुणे आले होते, जास्त बोलणं झालं नाही.

त्याने दिवा जवळ ओढला आणि कुणा अनोळखी बाईंचे पुढचे दात मेणात बसवायला घेतले. त्यातला एक किंचित तिरका हवा होता. त्यांचा मूळचा तसाच होता, त्यांनी मुद्दाम सांगून पाठवलं होतं. तो दात नीट तिरका बसेपर्यंत त्याने मान वर केली नाही.