पुतळाबायच्या काचा

बेलापूरच्या खाडीकाठी, टेकाडाच्या पोटाशी देवजी मास्तरांचं बैठं घर होतं. करावे गावची पुतळा मासळीची पाटी घेऊन तिथे दिवसाआड जायची. मास्तर भाव करत नसत आणि निवट्यांसारख्या चिखलातल्या मासळीला नाक मुरडत नसत, म्हणून ती त्यांच्याकडे आधी जायची, बाजारात नंतर.

मास्तर शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झाले होते. १९५६ साली त्यांनी आपल्या घरावर पाटी लावली, 'प्रकाशकोश अकादमी'. जुन्या पोथ्या, वैद्यांची बाडं, हस्तलिखित नकाशे गोळा करायचे आणि कॅमेऱ्याने काचेवर उतरवायचे, हे त्यांचं काम. अख्खं पान काचेवर सुपारीएवढं होई. मग खोली अंधारी करून, बाहेरून आरशाने ऊन आत घेतलं आणि ते काचेतून नि भिंगातून सोडलं, की तेच पान भिंतीवर पुरुषभर उंच उभं राही. कागदाला वाळवी लागते, काचेला लागत नाही, असं मास्तर येईल त्याला सांगत. गावातले लोक म्हणत, म्हाताऱ्याला उजेड डब्यात भरून ठेवायचाय.

दुसऱ्या वर्षी एका सकाळी पुतळा पाटी उतरवते तर मास्तर ओट्यावर डोकं धरून बसलेले. समोर चाळीसेक काचा मांडलेल्या. प्रत्येकीवर पांढरे ठिपके, आणि काहींवरची अक्षरं खपलीसारखी सुटून आलेली.

"काय झालं, मास्तर?"

"अक्षरं टिकत नाहीत. धुऊन ठेवली की आठ दिवसांत अशी होतात. काचेवरचा रसायनांचा मसाला तीनदा बदलून पाहिला. आता सगळं बांधून पुण्याला भाच्याकडे जावं म्हणतो."

पुतळाने एका काचेवर बोट फिरवलं आणि जिभेला लावलं.

"मीठ हाय," ती म्हणाली. "कंच्या पान्यात धुता?"

"इथल्याच विहिरीच्या. गोड आहे. मी रोज पितो."

"पिता ते सकालचं, ओहोटीचं. काचा कवा धुता?"

मास्तर दुपारी धुवत. आणि दुपारी भरती असली की खाडीचं पाणी जमिनीखालून विहिरीच्या झऱ्यात शिरे. हे करावेच्या प्रत्येक बाईला ठाऊक होतं. ओहोटी सरत आली की भरायचं ते पाणी गोडं. अवस-पुनवेच्या उधाणाला दोन दिवस त्या विहिरीत घागर सोडायचीच नाही, टेकाडावरच्या झऱ्याला जायचं.

मास्तरांनी ऐकून घेतलं, पण विश्वास ठेवला तो पारखून. एक काच भरतीच्या पाण्यात धुतली, एक ओहोटीच्या. नवव्या दिवशी पुतळा आली तेव्हा ते दारातच उभे होते. दोन्ही हातांत दोन काचा. एक डागाळलेली, दुसरी नितळ.

"पुतळाबाय," ते म्हणाले. तोवर ते तिला नुसतं पुतळा म्हणत. "तू इथे कामाला येशील?"

घरी तिचा नवरा धर्मा जाळं विणत बसला होता. त्याने ऐकलं आणि म्हणाला, "काचा धुवाचं काम? फुटली तं?"

"मासा सटकत नाय माज्या हातून, काच काय सटकंल," ती म्हणाली.

एकही फुटली नाही असं नाही, दोन फुटल्या. पण पुढच्या चार वर्षांत हजारावर काचा तिच्या हातून धुऊन निघाल्या. आणि त्या धुताधुता ती वाचायला शिकली. काचेवर जमीन काळी नि अक्षर पांढरं. पहिल्यांदा छापील पुस्तक हातात घेतलं तेव्हा तिला ते उलटंच वाटलं. काच पालथी धरली की अक्षरंही पालथी होत, तीसुद्धा तिला वाचता येत. मास्तरांना ते जमत नसे.

एकदा तिने विचारलं, "मास्तर, एवढं समदं ठेवलंत. आमच्या खाडीचं कुटं हाय?"

मास्तरांनी कपाट उघडलं. नद्यांची स्तोत्रं होती, विहिरी कुठे खणाव्या त्याचं एक बाड होतं. खाडीचं काही नव्हतं.

"तू सांग, मी लिहून घेतो."

"नको," पुतळा म्हणाली. "मीच लिवीन."

लिहायला तिला वर्ष लागलं. कुठल्या तिथीला भरती कधी लागते, भांगेच्या, म्हणजे मंद भरतीच्या दिवसांत मासा कुठे दडतो, कुठल्या विहिरीचं पाणी कधी भरावं. बारा पानं झाली. कॅमेऱ्याचं झाकण तिनेच उघडलं, तिनेच मिटलं.

१९६३च्या माघात करावेच्या शाळेत ती पानं दाखवायचं ठरलं. खिडक्यांना शिडाचं कापड लावलं. धर्मा बाहेर उन्हात आरसा धरून बसला. सूर्य सरकेल तसा आरसा सरकवायचा, हे त्याचं काम. भिंतीवर पांढरी अक्षरं उठली आणि पुतळा मोठ्याने वाचू लागली. तिसऱ्या पानाला पुढे बसलेली गोजरा, गावातली सगळ्यात म्हातारी कोळीण, काठी आपटून म्हणाली, "चुकलं हाय."

पुतळा वाचायची थांबली.

"काय चुकलं, आये?"

"वारा कुटं लिवलास? दखनी वारा असला तं भरती येल धरून ऱ्हाते का?"

एवढ्या लोकांत, एवढ्या मोठ्या अक्षरात चूक. तिने मास्तरांकडे पाहिलं. त्यांनी खिशातली पेन्सिल पुढे केली. पुतळा भिंतीजवळच्या उजेडात खाली बसली आणि गोजराचं बोलणं कागदावर उतरवू लागली. मग मागून कोणी वाशीकडच्या खाडीच्या तोंडाशी असलेल्या प्रवाहाचं सांगितलं, कोणी चिखलाच्या रंगाचं. धर्माचे हात भरून आले, त्याने आतल्यांना विचारलं, अजून किती वेळ. आत सगळे एकदमच बोलत होते.

तिसरं पान पुन्हा लिहिलं गेलं, त्याची नवी काच झाली. जुनीही मास्तरांनी ठेवली. चूक कशी सुधारली हेही कळायला हवं, म्हणाले.

पुढच्या मंगळवारी पुतळा कामाला पोचली तर अकादमीच्या ओट्यावर चार बायका बसलेल्या. गोजरा सगळ्यांत पुढे, पदरात कसलासा पाला बांधून.

"पाकट मासलीचा काटा लागला तं हा वाटून लावाचा," ती म्हणाली. "माज्यामागं कोनाला ठावं नाय."

पुतळाने पाय धुतले, कागद घेतला आणि तिच्याजवळ मांडी घातली.

"हलू सांग, आये. माजा हात अजून सावकाश चालतो."