सूनबाईंचा घसा बसला

बसस्थानकावर दिवसभर गाड्यांच्या वेळा पुकारून घरी आल्यावरही सूनबाईंच्या जिभेला विसावा नव्हता. भर पाहुण्यांत सासरे म्हणाले होते, "आमची ही झोपेत ट्रकसारखी घोरते," आणि त्या दिवसापासून सासूबाईंनी त्यांच्याशी बोलणं टाकलं होतं. त्याला आता अकरा वर्षं झाली होती. सासरे बाहेरच्या खोलीत, सासूबाई स्वयंपाकघरात आणि दोघांमध्ये सून.

"सांग त्यांना, आंघोळीला जा म्हणावं. घरात वास सुटलाय."

सून बाहेर येऊन म्हणे, "बाबा, पाणी तापलंय. आई म्हणाल्या, गार व्हायच्या आत घ्या."

"तिला म्हणावं, मला अक्कल शिकवू नकोस."

सून आत जाऊन सांगे, "आई, बाबा म्हणाले, बरं झालं आठवण केलीत."

अशानं घर सुरळीत चाललं होतं. मग तिचा घसाच बसला. डॉक्टरांनी बजावलं, "दहा दिवस तोंडातून चकार शब्द काढायचा नाही." सुट्टी घेऊन ती घरी बसली.

दुसऱ्याच सकाळी सासऱ्यांना चष्मा सापडेना. "सूनबाई, विचार तिला." सुनेनं गळ्याकडे बोट दाखवलं. नाइलाजानं म्हातारा भिंतीकडे बघून ओरडला, "या घरात कुणाला चष्मा दिसलाय का?"

"कपाळावर असेल! डोकं रिकामंच आहे, तिथं जागा भरपूर!" आतून उत्तर आलं.

चष्मा खरंच कपाळावर होता. सासरे थेट स्वयंपाकघराच्या दारात. "तू असं बोलतेस? सून तर म्हणायची, तू माझी काळजी करतेस!"

"आणि माझ्या भाजीचं कौतुक करत होतात, ते?"

"कौतुक? मी म्हणायचो, मिठाला घरात बंदी आहे का!"

दोघांनी एकदमच सुनेकडे पाहिलं. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं तिला झालं. खुलासा करायला आवाजही नव्हता.

मग जे जुंपलं ते जेवणाची वेळ टळली तरी थांबेना. शेवटी सासूबाई कडाडल्या, "आणि मी ट्रकसारखी घोरते?"

"घोरतेस! माहेरी गेलीस की मला झोप लागत नाही."

सासूबाईंनी मांडणीवरून ताट काढलं. म्हणाल्या, "हात धुवा. ताट वाढते."

अकराव्या दिवशी सुनेचा आवाज परतला. सवयीनं ती आत जाऊन म्हणाली, "आई, बाबा म्हणाले—"

"ऐकलं मी. तू मध्ये पडू नकोस."

तिला किंचित लागलंच. अकरा वर्षांची चाकरी अशी एका वाक्यात गेली. मग तिनं स्वतःसाठी कपभर चहा टाकला, खिडकीशी बसली आणि आतलं कडाक्याचं भांडण ऐकत तो गरम गरम संपवला.