दोन ठोके

डिसेंबरातल्या एका रविवारी चार माणसे वाटाड्याबरोबर डोंगरावर गेली. संध्याकाळी तीन माणसे आणि वाटाड्या खाली आले.

नोकरीत मी पुष्कळ प्रकरणे तपासली. त्यांतली बरीच आता नावागावासकट विसरून गेलो आहे. तो रविवार मात्र मनातून गेलेला नाही. इथे मी कोणाचेच नाव लिहिणार नाही, कारण त्यांची मुले-नातवंडे अजून आहेत.

तेव्हा गोंदिया हा जिल्हा नव्हता, आम्ही भंडाऱ्याचे. नागपूर राजधानी होते. चिचगडकडच्या जंगलातल्या एका लहान ठाण्यावर मी नवा ठाणेदार म्हणून आलो होतो. हाताखाली एक हेडकॉन्स्टेबल आणि सहा शिपाई. ठाण्याच्या मागच्या भिंतीला लागून माझे क्वार्टर. लग्नाला चार वर्षे झाली होती. पत्नी आणि पुस्तकांची एक ट्रंक, एवढाच माझा संसार होता.

ते चौघे नागपूरच्या एका कचेरीतले कारकून होते. दर हिवाळ्यात एखादा डोंगर चढायचा, असा त्यांचा नेम. मोटारीने देवरीला आले, तिथून बैलगाडीने पायथ्याच्या गावात. वाटाड्या त्याच गावचा, पन्नाशीचा, धानाची शेती करणारा. गावचा तलाव त्याच्या आज्याने बांधलेला. धान कापून झाले की शिकारी, सर्व्हेवाले, असे हौशी लोक यांना तो डोंगर दाखवायचा.

सोमवारी सकाळी तिघे ठाण्यात आले. मी रोजनामच्यात माणूस हरवल्याची नोंद घेतली आणि तिघांचे जबाब वेगवेगळे लिहिले. उतरताना त्यांना गाडी गाठायची घाई होती. चौथा, चष्मा लावणारा, मागे रेंगाळत होता. बांबूच्या रांजीपाशी, म्हणजे दाट बेटापाशी, मागे पाहिले तर तो नव्हता. इथपर्यंत ठीक होते. पण तिन्ही जबाबांत एक गोष्ट सारखी आली: वाटाड्याने एकदाही हाक मारली नाही. हे तिघे मित्राच्या नावाने घसा बसेपर्यंत ओरडले. वाटाड्या कुऱ्हाडीची बोथट बाजू झाडांवर आपटत फिरला आणि यांना गप्प बसा म्हणत राहिला.

"आम्ही ओरडू नये असंच त्याला वाटत होतं, साहेब," तिघांतला एक म्हणाला.

सोमवार आणि मंगळवार आम्ही डोंगर पिंजून काढला. गावातली चाळीस माणसे, रिकामे डबे, ताशा. ओळीने चालायचे, डबे वाजवायचे आणि सगळ्यांनी मिळून त्या तरुणाचे नाव घ्यायचे. सर्वांत मोठा आवाज माझा होता. कवायतीत तो कमावलेला होता आणि मला त्याचा थोडा अभिमानही होता.

मंगळवारी दुपार कलल्यावर गावचा कोतवाल माझ्याजवळ आला. गाव राखणारा, सगळ्यांच्या चुली माहीत असलेला माणूस. हळूच म्हणाला, "साहेब, वाटाड्याच्या घरी दुर्बीन हाय जी. म्या डोळ्यानं पाह्यली."

दोन पंच घेऊन झडती घेतली. दुर्बीण धान साठवायच्या ढोलीत निघाली, वीतभर खोल पुरलेली. तिघांनी ती ओळखली. हरवलेल्या मित्राचीच. पंचनामा केला आणि वाटाड्याला अटक केली. चोवीस तासांत, म्हणजे बुधवारच्या संध्याकाळच्या मोटारीने, त्याला मॅजिस्ट्रेटपुढे न्यायचे होते. कलम खुनाचे लागणार होते. त्याची बायको ठाण्याच्या फाटकाशी उभी होती. रडत नव्हती. फक्त माझ्याकडे पाहत होती.

चौकशीला मी आणि हेडकॉन्स्टेबल बसलो.

"दुर्बीण तुझ्या घरात कशी आली?"

"त्या चष्मेवाल्या भाऊनंच देल्ली जी. उतार होता. दोनी हात मोकळे पाह्यजे म्हून मीच मांगतली."

"मग ठाण्यात का आणून दिली नाहीस?"

"कायले देऊ? ज्याची त्याले द्याची. तो येन तं त्याले देईन."

"आणि धानात पुरलीस ती?"

"कोतवाल दिवसातून दोनदा घरी येऊन राह्यला होता. त्याच्या नजरंत भरली का गेलीच समजा."

हेडकॉन्स्टेबल हसला. मी हसलो नाही.

"हाक का मारली नाहीस?"

"रानात मानसाचं नाव घेत नाही जी."

"का?"

"काऊन म्हंजे? नाही घेत. आमचे बुढे नाही घेत. हरपलेल्या मानसाले ठोकून बलावतात. आपन दोन ठोके द्याचे, त्यानं दोन द्याचे. मंग जाऊन आनाचं. तुमी लोकायनं दोन दिवस रान बोंबलून सोडलं. मी आयकू कसा?"

हेडकॉन्स्टेबल गोंदिया शहरचा. तो माझ्याकडे वळून म्हणाला, "साहब, आदमी चालू है. सवाल आपण विचारायचा आणि कसूर बी आपलाच."

मला ते पटले. मी शिकलेला होतो, संस्कृत घेऊन बी. ए. झालेला. रानाच्या असल्या समजुतींबद्दल पुस्तकांतून वाचले होते, आणि वाचलेल्या गोष्टीवर कोणी जगत असेल हे मला सुचले नाही. रोजनामच्यात मी लिहिले: आरोपी उडवाउडवीची उत्तरे देतो.

बुधवारी सकाळी कागद तयार करत बसलो होतो. मागून ओळखीचा आवाज आला. स्वयंपाकघराच्या चौकटीवर पळीच्या दांड्याचे दोन ठोके. ठाण्यात सहा-आठ पुरुष बसलेले असताना "अहो" म्हणून ओरडणे पत्नीला जमत नसे आणि नाव तर ती कधी घेत नव्हतीच. ठोके ऐकले की मी उठून जेवायला जात असे. चार वर्षे हे चालू होते. त्यात ऐकण्यासारखे काही आहे असे मला कधी वाटले नव्हते.

पानावर बसल्यावर मी प्रकरण सांगितले. शेवटी म्हणालो, "हरवलेल्या माणसाला हाक न मारणारा माणूस मी आजवर पाहिला नाही."

"रोज पाहता," ती म्हणाली. "भात वाढू का अजून?"

मी हात थांबवून तिच्याकडे पाहिले.

"खोटं का बोलते मी? नावानं हाक मारली असती तरच जेवायला आला असतात, असं आहे का तुमचं?"

मी तसाच उठलो. ती मागून म्हणाली, "अहो, हात तरी धुवा."

तिघांतल्या सर्वांत लहानाला मी एकटे बोलावले. विचारले, चढण्याआधी वाटाड्याने काही सांगितले होते का?

त्याने आधी दार लोटून घेतले. मग म्हणाला, "सांगितलं होतं. पायथ्याशीच. चुकलात तर जागेवर बसा, झाडाला दोन ठोके द्या, मी येतो. आम्ही हसलो."

"चष्मेवालाही हसला?"

"नाही. तो म्हणाला, दगडानं ठोकलं तर चालेल का?"

"हे जबाबात का नाही?"

"तुम्ही विचारलं नाहीत, साहेब."

तासाभरात आम्ही पायथ्याशी होतो. वाटाड्या, मी, हेडकॉन्स्टेबल आणि दोन पंच. मी बेडी काढायला लावली. वाटाड्या पुढे झाला आणि आम्ही त्याच्या मागून चढू लागलो. हेडकॉन्स्टेबल धापा टाकत म्हणाला, "मुजरिम आगे, पुलिस पीछे. उलटी वरात है साहब."

"बोलू नोका जी," वाटाड्या मागे न बघता म्हणाला. "अन् पायाखाली नोका पाहू. दोन पावलं पुढं पाहा, पाय आपोआप पडते."

दोन दिवस मी त्याच डोंगरावर फिरलो होतो, पण मला तो दिसला नव्हता. आता दिसला. येनाची आणि धावड्याची झाडे, दगडांवर वाळलेले शेवाळ, वाटेच्या वळणावर रानकोंबडीचे पीस. त्याहून जास्त म्हणजे तो ऐकू आला. पान पडल्याचा आवाज येत होता. खूप खाली कुठेतरी पाणी होते. वाटाड्याने गप्प केल्यापासून आमच्यापैकी कोणी शब्द काढला नव्हता. वाटाड्या दर वळणावर थांबे, कुऱ्हाड उलटी धरून दोन ठोके देई आणि डोळे मिटून उभा राही. आम्हीही उभे राहत होतो. मी त्या उत्तराची जेवढी वाट पाहिली, तेवढी नोकरीत नंतर कशाचीच पाहिली नाही.

उत्तर आले नाही.

एका सपाटीवर तो थांबला. "सोमवारी सकाळी इथं आयकू आलं होतं मले. दोन. लय बारीक. मंग खालून तुमचे डबे सुरू झाले, अन् शिपायायनं मले वळीत बलावून घेतलं." त्याने उजवीकडे हात केला. "तिकडून."

तिकडे वाट नव्हती. अर्धा तास झुडपे सारत गेल्यावर मोहाचे एक जुने, पोकळ झाड लागले. बुंध्याला, बसलेल्या माणसाच्या खांद्याइतक्या उंचीवर, साल पार ठेचून गेली होती आणि आत पांढरट लाकडात खळगा पडला होता. खाली मुठीएवढा दगड. दगडाची एक बाजू सालीने तांबूस झालेली. शेजारी चष्मा, घडी करून रुमालावर ठेवलेला.

त्या खळग्यात माझी तीन बोटे बसली. एक-दोन तासांचे ते काम नव्हते.

झाडापासून पाला खरडत गेल्याच्या खुणा होत्या. त्या कड्याकडे जात होत्या. खाली नाल्यात तो तरुण सापडला. डॉक्टरांनी नंतर लिहून दिले की पाय आधी मोडला होता आणि मृत्यू पडल्यामुळे, बहुधा मंगळवारी झाला. मंगळवारी आम्ही नाल्याच्या पलीकडच्या अंगाला होतो. मी तिथे उभा राहून त्याच्या नावाने ओरडत होतो. दोन दिवस तो सांगितल्याप्रमाणे जागेवर बसून राहिला, ठोके देत राहिला. मग आपले नाव ऐकून आवाजाच्या दिशेने सरपटत निघाला.

मर्ग, म्हणजे अकस्मात मृत्यू, दाखल केला. झाडाचा पंचनामा स्वतः लिहिला. वाटाड्याला त्याच दिवशी सोडले. अहवालात शोधाच्या हाकांमुळे ठोके ऐकू आले नाहीत, हे वाक्य मी घातले. वरिष्ठांनी ते खोडले नाही आणि त्यावर काही विचारलेही नाही.

मृताचा थोरला भाऊ नागपूरहून आला. मुद्देमाल पावती घेऊन परत करायचा असतो. दुर्बीण मी वाटाड्याच्या हाताने द्यायला लावली. त्याने धोतराच्या सोग्याने काचा पुसल्या आणि दिली. धानाचा एक दाणा तिच्या पट्ट्यात अडकलेला होता.

मी वाटाड्याची क्षमा मागितली. गणवेशात असे कोणी करत नसे. त्याने सोगा पुन्हा खोचला. मग म्हणाला, "तुमी वाईट नाही जी. पन तुमी लोक लय जोरानं बलावता, अन् मंग थांबतच नाही."

चौकशीचे सगळे शिक्षण मला त्या एका वाक्यात मिळाले. पुढे तिरोड्याला, भंडाऱ्याला, जिथे गेलो तिथे प्रश्न विचारून झाला की मी थांबायला शिकलो. लोकांना जे सांगायचे होते ते बहुतेक वेळा त्या थांबण्यात आले.

घरी मी सगळे सांगितले. ती ऐकून घेऊन म्हणाली, "एकदा मला तो डोंगर दाखवा. ते झाडही." वाटाड्याला विचारले तर तो खूश झाला. "आना जी बाईसाहेबाले. मोह फुलला का आना. मी हळूहळू नेतो." मोह फुलायच्या आधीच माझी बदलीची ऑर्डर आली. सामान बांधताना ती म्हणाली, "पुढच्या वर्षी जाऊ." पुढच्या वर्षी मुलगी झाली. नंतर कधी बंदोबस्त होता, कधी तिचे गुडघे. वाटाड्या वारल्याचे मला कोणीतरी सांगितले. त्यानंतर ती डोंगराचे बोलली नाही, आणि मीही विषय काढला नाही.

निवृत्तीनंतर आम्ही फुलचूरला घर बांधले. इथे ठाणे नव्हते, शिपाई नव्हते, तिला मोठ्याने बोलवायला कोणाची आडकाठी नव्हती. पण मी पुढच्या खोलीत वाचत बसलो की ती पळीचेच दोन ठोके द्यायची. सतरा वर्षे. मागच्या वर्षी ती गेली.

दिवाळीला मुलीने घर रंगवून घेतले. रंगारी स्वयंपाकघराच्या चौकटीशी भेगा बुजवायची लांबी घेऊन बसला होता, तेव्हा मी त्याला तेवढी जागा सोडायला सांगितले. चौकटीच्या डाव्या बाजूला, कमरेच्या थोडे वर, लाकडात एक खळगा आहे. त्यात माझे एक बोट बसते.