जानूआबांची पेठफेरी

जानूआबा आधी बुरुजाला कान लावायचे. पाव्हने गोल उभे, कुनाच्या हातात मोबाईल, कुनाच्या तोंडात चिक्की, आनि आबा टोपी काढून, डोळे मिटून, गाल दगडाला टेकवून गप. येवढे गप की कुनाला खोकला आला तरी त्यालाच चोरट्यासारखं व्हायचं. मंग हळूच डोळे उघडायचे आनि म्हनायचे, "आज जास्त रडतंय." बस, तेवढंच. काय रडतंय, कोन रडतंय, ते मागनं. पन तेवढ्यावरच बायकांच्या हातावरचे केस उभे राहायचे, मी बघितलंय ना, मी तिथंच उभी असायची, त्यांच्या समोर, बुरुजाला पाठ लावून.

आबा म्हंजे माझ्या सासऱ्यांचे चुलत भाऊ. आमचं गाव लोधिवलीच्या वरच्या अंगाला, किल्ल्याच्या पायथ्याशी. गाव म्हनतो पन खरं ती जुनी पेठ हाय, घाटावरनं बैल माल घेऊन उतरायचे तवाची, म्हने तवा खोपोली पन येवढी नव्हती. दगडाची वेस हाय, आतनं फरशीची पाखाडी, म्हंजे दगडी पायवाट, दोन्ही अंगाला दुकानांची नुसती जोती राहिलीत, पुढं देऊळ, तळं, आनि तळ्याच्या कडेला तो बुरूज. बाकीचे सगळे बुरूज पडले, तो येकटा उभा हाय. आमाला त्याचं काय नाय, आमी जोत्यांवर पापड वाळत घालतो, वेशीच्या सावलीत टेंपो लावतो. पन आईतवारी मुंबई-पुन्याची मान्सं यायची आनि आबा त्यानला वेशीपासून बुरुजापोत्तर फिरवायचे, त्याला पेठफेरी म्हनायचे. फेरी झाली की जेवन आमच्या घरी, वालाचं बिरडं, तांदळाची भाकर, सुकट, ताटाचे पैसे सासूच्या हातात. म्हनून आमच्या सासूला आबा म्हंजे देव.

त्यांच्या दोन जिभा होत्या. पाव्हन्यांसमोर इस्त्री केल्यासारखी, आहे, नाही, आपण, कृपया. आनि आमच्याशी बोलताना खराटा. मी आठवी नापास, नेरळकडची, मला दोन्ही कळायच्या आनि दोन्हीचं भ्या वाटायचं. आता माहेरी बसून सांगतेय तरी दाराची कडी घातलीय बघा. ते अजून फिरवतात म्हने पाव्हन्यांना.

नवीन लग्न झालं तवा मला कौतुक वाटायचं, खोटं कशाला बोलू. किती बोलतो हा मानूस, दगडासमोर उभा राहिला तरी दगडाला घाम फुटंल. पन मंग काशीमावशीचं बघितलं. काशीमावशी वेशीच्या बाजूच्या घरात येकटी राहते, पाय अधू हाय, ल्हानपनी जांभळीवरनं पडली, सगळ्या गावाला म्हायती. आबांनी पाव्हन्यांना काय सांगावं, की शत्रूला वेस उघडून देनारा पहारेकरी ह्या घरातला, राजानं त्याचा पाय तोडला, तवापासून दर पिढीला ह्या घरात येक लंगडं जन्मतं. आनि हात करून दाखवायचे, "त्या बघा, बसल्या आहेत." पाव्हने बघायचे. येक पोरगी तं वाकून पाया पडली तिच्या, त्याच पायाच्या. काशीमावशी बिचारी सूप घेऊन आत गेली ती पुढं आईतवारी कधी ओटीवर बसलीच नाय, दार लावून आत तांदूळ निवडायची.

मी घाबरत घाबरत येकदा म्हनाले, आबा, मावशीला वाईट वाटतं. तं हसले. म्हनाले, "हे बघ पोरी, मेलेली मान्सं तक्रार करत नाय आनि जित्या मान्साला लाज असती. दोगं पन गपच बसतात. मधी आपलं काम होतं."

आनखी येक त्यांचं बोलनं होतं, ते तं दर येळेला. "पाव्हन्याला गोड सांगितलं तं तो च्या पिऊन इसरतो. भ्या घातलं तं चार जनांना घेऊन परत येतो."

बुरुजाची गोष्ट अशी सांगायचे की राजा बांधायचा आनि बुरूज पडायचा, बांधायचा आनि पडायचा. मंग कुनीतरी सांगितलं की बुरुजाच्या पायात पहिलटकरीन पायजे, लेकरासकट. मंग पेठेतलीच येक बाळंतीन पकडून आनली आनि जिती चिनली, मांडीवर तान्हं घेऊन. म्हनून हा बुरूज पडत नाय. ही गोष्ट आमच्या गावात येवढी बसली की वल्ली बाळंतीन त्या वाटेनं जाईनाशी झाली. तळ्यावर जायचं तरी शेतातनं येढा घालून. दसऱ्याला तिथं नुसता नारळ ठेवायचे त्याच्याबरोबर आता खन आनि हिरव्या बांगड्या पन ठेवाय लागले. माझी सासू सांगायची की आमच्या आजीच्या येळपासून असंच हाय.

मंग मला पोरगी झाली, स्वरा. मी पन येढा घालूनच जायची. पन येक आईतवारी तळ्यावरनं येताना पाव्हने शेतातच उभे, फोटो काढत, मंग मी पोरीला पदराखाली घेऊन मान खाली घालून बुरुजाकडनं निघाले, म्हटलं देवाचं नाव घ्यायचं आनि पळायचं. तं आबांनी मनगटच धरलं. धरलं ते सोडलंच नाय. पाव्हन्यांना म्हनाले, "ही बघा. अशीच होती ती. एवढ्याच वयाची, असंच तान्हं कुशीत." आनि मला मागं रेटलं, पाठीला दगड लागला, गार, वला. माझा पदर पन नीट नव्हता. पाव्हन्यांतली येक बाई रडायला लागली. सगळ्यांनी फोटो काढले.

त्या दिवशी जेवायला बसलेली मान्सं कितीतरी येळ उठली नाय, फक्त बुरुजाचंच बोलत होती. संध्याकाळी आबा घरी आले आनि सासूला म्हनाले की सुनेला दर आईतवारी धाडायची. मला वाटलं सासू नाय म्हनंल, तीच तं मला त्या वाटेनं जाऊ देत नव्हती. सासू म्हनाली, आईतवारी पाव्हन्यांबरोबर चालतं, त्याला काय होत नाय, आल्यावर मीठ-मिरची ओवाळून टाकू. मी ह्यांच्याकडं बघितलं. ह्यांची खोपोलीला कंपनीत रातपाळी, झोपेतच म्हनाले, आबा काय परके हायेत का. आनि सासू म्हनाली, "तुला तिथं काय नांगर धरायचाय? उभंच तं राहायचंय."

मंग उभी राहायला लागले. दर आईतवारी. लुगडं सासूचं, जुनं, आबांनीच सांगितलं हिरवं पायजे. येकदा येक मुलगा कायतरी इनोदी बोलला आनि मला हसू आलं, तं आबा पाव्हन्यांकडं बघत बघतच ओठ न हलवता मला म्हनाले, "हसू नको गं. मरायला चाललीस तू."

पन मी हसले नाय तरी स्वरा हसायची. तिला गर्दी आवडायची. आबा सांगायचे की शेवटचा दगड बसवला तवा आतनं लेकराचा आवाज आला, आनि बरोब्बर तवाच स्वरा बोळकं उघडून हसायची, पाव्हने पन हसायचे, सगळी गोष्ट वाया. असं दोन-तीनदा झालं. त्याच्या पुढच्या आईतवारी दगडाचं बोलनं आलं आनि स्वरा येकदम कळवळून रडली. पाव्हन्यांच्या तोंडातनं आवाज नाय. मला वाटलं मुंगी चावली. मंग पुढच्या येळेला बघितलं, आबांचा हात पदराखालनं आत आला आनि तिच्या टाचेच्या वर नखानं धरून पिळलं. तोंडानं बोलतच होते, राजा, गवंडी, चुना. हात त्यांचा येगळाच होता जनू.

घरी येऊन सासूला पाय दाखवला, काळं-निळं झालेलं. सासू म्हनाली, दगडाला घासलं असंल, तू नीट धरत नायस.

मंग ताप आला तिला. येवढा ताप की तिनं डोळे फिरवले, हातपाय ताठ. मी कशी खोपोलीला पोचले मला नाय म्हायती, शेजारच्याच्या टेंपोत बसून गेले, वाटेत नुसती तिच्या नाकाशी बोट धरून बसलेली. डॉक्टरीनबाई म्हनाल्या, घसा सुजलाय, ताप डोक्यात गेला म्हनून झटका आला, औषधानं बरं होईल. झालं पन बरं. पन माझ्या डोक्यातनं जाईना. मला वाटलं, बुरूज मागतोय. दर आईतवारी मीच नेऊन दाखवते ना त्याला, ही घे, ही घे म्हनून. घसा काय, घसा निमित्त. मला जेवन जाईना, दूध आटलं.

शुक्रवारी पोरीला घेऊन आबांच्या घरी गेले. आबा अंगनात इळ्याला धार लावत होते. मी सांगितलं, आबा, मी येनार नाय, माझी पोर जाईल, तो तिला घेईल. रडत होते मी, धड सांगता पन येत नव्हतं. आबा पयलं हसले, मंग आजूबाजूला बघितलं, मंग बारीक आवाजात म्हनाले, "अगं येडे, कोन घेतो? तिथं कोनी पुरली नाय. मीच सांगितलं ते."

मला कळेना. मंग त्यांनीच सगळं सांगितलं, मजा आल्यासारखं. की पूर्वी ते नुसतं बुरुजाची उंची न चुन्याचं सांगायचे. तं येक बाई जांभई देत म्हनाली, बाकीचे पडले मंग हाच कसा उभा. आबांना ते माहीत नव्हतं. तोंडाला आलं ते बोलले. आनि बाईची जांभई अर्ध्यात राहिली. "तवा कळलं मला," आबा म्हनाले, "दगडात मानूस घातल्याबिगर दगड उभा राहत नाय."

आनि खन, बांगड्या, माझ्या सासूची आजी? ते म्हनाले, मान्सांना आठवाय काय लागतं, कुनी सांगितलं की आठवतं.

मला येवढं हलकं वाटलं. खरंच सांगते, मी रडता रडता हसले. कोन नाय तिथं. नुसता दगड. माझ्या पोरीला काय होत नाय. मी त्यांच्या पाया पडनार होते.

तेवढ्यात आतनं रूपाली आली. रूपाली आबांची सून, तिला पन तान्हं, स्वरापेक्षा ल्हान. माहेरी चालली होती, पिशवी भरलेली, नवरा गाडी काढत होता. आबांनी इळा खाली ठेवला आनि लेकाला हाक मारली. म्हनाले, बुरुजाखालनं नेऊ नको रं तिला. शेतातनं ने. गाडी जात नसंल तं चालत ने, मोठ्या रस्त्याला बस गाडीवर.

लेक म्हनाला, बाबा, चिखल हाय. तं आबा म्हनाले, मंग पोराला मी उचलून आनतो.

मी तिथंच उभी. मी म्हनाले, "आबा, तिथं कोन नाय ना?"

"नसंल," आबा म्हनाले. इळा परत हातात घेतला, अंगठ्यानं धार बघितली. "पन ती माझ्या घरातली हाय."

आईतवार आला. सासूनं लुगडं काढून ठेवलं, मी नेसले. मनात ठरवलं होतं की सांगायचं, सगळ्यांसमोर, शिकलेली मान्सं हायेत, ऐकतील. आबांनी कान लावला, आज जास्त रडतंय म्हनाले, राजा झाला, गवंडी झाले, आनि हात पदराकडं आला तशी मी बाजूला सरकले. मी म्हनाले, "हे खोटं हाय. इथं कोन पुरलेली नाय, आबांनी बनवलंय. ते माझ्या पोरीला चिमटे काढतात, हा बघा पाय. रूपालीला आना म्हनावं मंग इथं."

आबांनी टोपी काढली. मान खाली घातली. मंग त्या इस्त्रीच्या भाषेत, जड आवाजात म्हनाले, "शेवटचा दगड ठेवताना तीही हेच म्हणाली होती. हे खोटं आहे, सगळं खोटं आहे. पण तिचं कोणी ऐकलं नाही."

येका बाईनं हुंदका दिला. मी परत सांगत होते, अहो खरंच, खरंच सांगते, आनि माझा आवाज चिरकला तशी मागची येक पोरगी दुसरीला म्हनाली, किती खरं करते ही. कुनीतरी इचारलं, रूपाली कोण? आबा म्हनाले, "तिची धाकटी जाऊ. आधी तिला नेणार होते."

मंग मी निघाले. पाव्हन्यांनी वाट दिली, दोन्ही बाजूला सरकून, मोबाईल वर धरून. आबा माझ्या मागनं वेशीपोत्तर आले. मला वाटलं मारतील. जवळ वाकले आनि आमच्या भाषेत, प्रेमानं म्हनाले, "लय चांगलं बोललीस गं. पुढच्या आईतवारी पन असंच बोल."

मी थांबले नाय, घरी पन गेले नाय, तशीच हिरव्या लुगड्यात खाली लोधिवलीच्या रस्त्याला लागले. मागं पाव्हने टाळ्या वाजवत होते. आनि स्वरा, तिला काय कळतंय, ती पन माझ्या खांद्यावरनं त्यांच्याकडं बघून हात वाजवाय लागली.